आतून की बाहेरून

"...आणि ती बाहेरच जात असेल तर? मेमे-ले, तर मग मी एकोणीस वर्षं केलं काय?"

मेमे इशे मैदानातल्या भेगा बुजवत होते.

बर्फावर गुडघे टेकून बसले होते. एका हातात किटली, दुसरा हात उघडाच. तळहात बर्फावरून हळूहळू फिरवत ते भेग शोधत होते.

भेग सापडली. त्यांनी तिच्यात भुसभुशीत बर्फ दाबला, वरून किटलीतल्या कोमट पाण्याची बारीक धार धरली आणि अंगठ्यानं सारवल्यासारखं केलं.

"बोल. कान मोकळे आहेत," ते म्हणाले.

लडाखातलं थांगमो हे गाव. मेमे म्हणजे आजोबा, आणि पुढचं 'ले' आदराचं. इशे हे त्या गावचे पाटकरी. उन्हाळ्यात कोणाच्या जवाला किती वेळ पाणी द्यायचं, पाटाचं कोणाचं दार मोडायचं, कोणाचं बांधायचं, हे ते ठरवत. पाण्यावरून भावाभावांत डोकी फुटतात, पण थांगमोत इशेंच्या शब्दावर कोणी फावडं उगारल्याचं ऐकिवात नाही.

हिवाळ्यात पाटाला काम नसे. मग ते उरलंसुरलं पाणी खालच्या वावरात सोडत. बोटभर थर. तो गोठला की दुसरा. महिनाभरात जवाच्या वावराचं बर्फाचं मैदान होई आणि गाव तिथं हॉकी खेळे.

मेमे स्वतः कधी खेळले नाहीत. पण बर्फ त्यांचा, म्हणून नियमही त्यांचे.

आणि समोर उभा होता तो आंगचुक. याच बर्फावर वाढलेला. बर्फावरच्या हॉकीत गोल राखायचा म्हणून फिनलंडातल्या एका बंदराच्या गावी पगारी नोकरीला गेलेला, या खोऱ्यातला पहिला माणूस. वय त्रेचाळीस. दोन वर्षांपूर्वी खेळ सुटला होता आणि गेल्या आठवड्यात तो गावी परतला होता.

गावानं त्याला एकच गोष्ट मागितली होती. परवा पलीकडच्या गावाशी सामना आहे, गोलात उभा राहा.

आंगचुकनं पाठ दुखते म्हणून सांगितलं होतं.

पाठ ठणठणीत होती.

"शेवटचा सामना होता," तो म्हणाला. "बरोबरी होती. मिनिटभरही उरलं नव्हतं. उजवीकडून एकानं लांबून चकती मारली. मी हात टाकला. हातमोज्याच्या कडेला लागली आणि आत गेली."

"गेली तर गेली."

"तसं नाही, मेमे-ले. सगळे म्हणाले, काय फटका होता! वर्तमानपत्रात त्याचा फोटो आला. मलाही म्हणाले, तुझा काही दोष नाही. पण हाताला लागली त्या क्षणी मला वाटलं... ही बाहेर चालली होती. मी हात लावला नसता तर खांबाला वळसा घालून निघून गेली असती. आत मीच घातली."

"कोणाला बोललास?"

"नाही."

"बायकोला?"

"...नाही."

मेमेंनी दुसरी भेग शोधायला घेतली.

आंगचुकनं खिशातून फोन काढला. त्यांच्याशेजारी उकिडवा बसला आणि फोन त्यांच्या तोंडासमोर धरला. "हे बघा. त्या फटक्याचं चित्रण, चार सेकंदांचं आहे. तुम्हीच सांगा. आत होती की बाहेर? तुम्ही म्हणाल ते मी मानीन."

मेमेंनी फोनकडे पाहिलं. मान मागं घेतली, पुन्हा पुढं आणली.

"एवढ्याशा डबीत मावलास होय? लहानपणी दोन दगडांत मावत नव्हतास."

"बघा ना."

"बघतोय. काळं काहीतरी फडफडतंय. कावळा आहे का?"

"तो मी आहे, मेमे-ले."

"मग बरोबर. लहानपणी पण तसाच फडफडायचास."

आंगचुकला हसू आलं नाही. मग जरासं आलं. त्यानं म्हाताऱ्याच्या डोळ्यांकडे नीट पाहिलं आणि ते हसू तिथंच थांबलं. दोन्ही बुबुळांवर साय धरली होती.

"कधीपासून?"

"मोतीबिंदू. डावा पिकलाय. उजवा पिकतोय. डॉक्टर म्हणतो, उन्हाळ्यात काढू." मेमेंनी तळहात पुन्हा बर्फावर टेकला. "हे किती वेळा बघितलंस?"

"मोजलं नाही."

"आंगचुक."

"...रोज."

वारा पडला होता. दुपारचं ऊन मैदानावर तिरपं आलं होतं. मैदानाच्या टोकाला ते दोन दगड तसेच होते, तीन पावलांच्या अंतरावर, एक उंच आणि एक बसका. आंगचुकनं ते आल्या दिवशीच पाहिले होते आणि पाहून न पाहिल्यासारखं केलं होतं.

ते दोन दगड म्हणजे त्याचा पहिला गोल.

मागं जाळी नव्हती. जाळी असते हेच कोणाला ठाऊक नव्हतं. सैनिकांच्या जुन्या बुटांना गावच्या लोहारानं पाती ठोकून दिलेली. पायांना पिठाच्या पोत्यात गवत भरून बांधलेली गादी. बुटाची टाच कापून गोल केलेली रबराची चकती. आणि दगडांच्या मागं उतार, उताराखाली वाळुंजाची झाडी, झाडीतून जाणारा ओढा.

सुटली की चकती थेट तिकडं जाई.

मग एकच कालवा होई.

"आतून गेली!"

"डोळे फुटले का? बाहेरून!"

"दगडाला घासून गेली, मी बघितली!"

"तू बघितलीस? तू तर पालथा पडला होतास!"

मेमे बांधावर बसून चातीवर लोकर कातत असत. तेव्हा त्यांची नजर इतकी तीक्ष्ण होती की समोरच्या डोंगरावरच्या शेळ्या ते मोजून सांगत. आतून की बाहेरून हे त्यांना नक्की दिसत असणार. पण ते कधी सांगत नसत. कालवा संपेपर्यंत सूत ओढत राहत आणि मग चात खाली झाडीकडे दाखवत.

गोलात जो उभा, त्यानं आणायची. हा त्यांचा नियम. आतून जावो, बाहेरून जावो.

आंगचुकला ती वाट नकोशी वाटे. पायात पाती, खाली धसकटं आणि गोठलेलं शेण. चाळीस पावलं उतरायचं, झाडीत हात घालून चाचपायचं. तिथं ओढ्यावर बर्फाची खापरी असे आणि तिच्याखाली पाणी बोलत असे. पहिल्या वर्षी तो तिथंच बसून रडून घेई. मग तोंड धुई, कारण रडल्याचं वर दिसलं तर पोरं वर्षभर चिडवतील. मग चढून येई.

वर सगळे खोळंबून, बोटांवर फुंकर घालत उभे असत. त्याच्यावाचून खेळ पुढं जाणारच नसे. कोणीतरी त्याच्या दिशेनं सुकं जर्दाळू भिरकावी. तो ते तोंडात टाकी, चकती मध्ये ठेवी, दगडांमध्ये जाऊन उभा राही.

ती जर्दाळूची गोडी पुढं कुठं मिळाली नाही. फिनलंडात त्यानं पुष्कळ शोधली.

"तिकडं कसं असतं?" मेमेंनी विचारलं. जणू त्याच्या मनातलं ऐकल्यासारखं.

"तिकडं छपराखाली बर्फ. आरशासारखा. मागं जाळी. गोल झाला की तांबडा दिवा लागतो." आंगचुकचा आवाज नकळत ताठ झाला. "आणि गोलराखणीचं पहिलं शास्त्र काय, तर मागं बघायचं नाही. एकदाही नाही. काठीनं उजवा खांब ठोकायचा, डावा खांब ठोकायचा. तेवढ्यावर आपण कुठं आहोत ते कळलं पाहिजे. एकोणीस वर्षांत मी मान वळवली नाही. त्या बाबतीत माझ्यासारखा माणूस नव्हता, असं तिथले लोक म्हणत."

"आणि चकती?"

"पंच काढून आणतो. जाळीतून."

"तू नाही?"

"मी कशाला? माझं काम अडवायचं."

"अडवायचं..." मेमे म्हणाले. किटली हलवून त्यांनी पाणी किती उरलं ते पाहिलं. "ती चकती कुठं असेल रे आता? तुझी ती शेवटची?"

आंगचुक घुटमळला. मग त्यानं कोटाच्या आतल्या खिशात हात घातला.

काळं, जाड, कडेला घासलेलं रबर. क्लबानं निरोपाला लाकडाच्या चौकटीत बसवून दिलं होतं. चौकट त्यानं फेकून दिली होती. हे फेकवलं नव्हतं. दोन वर्षं ते छातीशी होतं.

मेमेंनी ते हातात घेतलं, कड चाचपली.

"जड आहे."

"हो."

"तुझ्या टाचेच्या रबरापेक्षा फार जड. ऊठ. उभा राहा."

"कुठं?"

मेमेंनी दगडांच्या दिशेनं हनुवटी केली.

"मेमे-ले, पायाला गाद्या नाहीत. मुखवटा नाही."

"मी काय तोफ डागणार आहे? अठ्ठ्याहत्तर वर्षांचा आंधळा म्हातारा मी. घाबरतोस?"

"घाबरतो," आंगचुक म्हणाला. आणि आपण खरं बोललो याचं त्यालाच आश्चर्य वाटलं.

"बरं झालं. जा."

बांधाला टेकून पोरांची एक काठी ठेवलेली होती. ती घेऊन तो दगडांमध्ये गेला. साधे बूट बर्फावर घसरत होते. गुडघे वाकवले. काठी मागं गेली, उजवा दगड ठोकला. टक्. डावा ठोकला. टक्. मान वळली नाही.

दोन वर्षांनी अंगातून काहीतरी सरकत गेलं. पाठ... खरंच ठणठणीत होती.

मेमेंनी चकती बर्फावर ठेवली. काठी त्यांनी मागितली नाही. पाटाचं फावडं उचललं, उन्हाळाभर ज्यानं गावाची दारं मोडली आणि बांधली ते.

"आहेस ना रे तिथं?"

"आहे."

"बोलत राहा, म्हणजे दिशा कळेल."

"आहे, मेमे-ले. इथं आहे."

फावड्याचा फटका बसला. खण्णकन आवाज आला.

चकती आली. कसली आली... रांगत आली. भरलेल्या भेगांवरून अडखळत, गिरक्या घेत, उजव्या दगडाच्या रोखानं. एखाद्या पोरानंही अडवली असती.

आंगचुकचा हात निघाला.

आणि अर्ध्यावर थबकला.

आत आहे? की बाहेर चाललीय? हात लावू? लावला आणि पुन्हा...

चकती त्याच्या बोटांसमोरून गेली. दगडाजवळून गेली. काठ ओलांडून धसकटांवर खडखडली, उताराला लागली. मग झाडीत काहीतरी मोडल्याचा आवाज, आणि शांत.

आंगचुक जागच्या जागी उभा राहिला. मान अजून वळली नव्हती.

"मेमे-ले," तो म्हणाला. "आतून गेली की बाहेरून?"

मेमेंनी फावडं बर्फावर टेकवलं. दांड्यावर दोन्ही हात, हातांवर हनुवटी. ते त्याच्याकडे पाहत होते, म्हणजे तो जिथं होता त्याच्या थोडं डावीकडे.

"सांगा ना. तुम्हाला आवाजावरून कळलं असेल. दगडाला घासली का?"

...

"एकदा तरी सांगा. लहानपणीही कधी सांगितलं नाहीत."

मैदानावर कोणी नव्हतं. दोन माणसं, एक किटली, आणि दगडांच्या लांबत चाललेल्या सावल्या. खाली झाडीत खापरीखालचं पाणी बोलत होतं. आंगचुकला ते ऐकू आलं. इतक्या वर्षांनी, तोच आवाज.

मेमे इशेंनी फावडं उचललं आणि चात दाखवत तसं ते झाडीकडे दाखवलं.

"जा, घेऊन ये," ते म्हणाले. "सगळे खोळंबलेत."