हवानातली रांग

"पण सर, रांग लागणार तरी कधी?"

चौकातलं पावाचं सरकारी दुकान अजून उघडायचं होतं, आणि क्यूबात नाही, आपल्याच अंगणात असल्यासारखे माहुलकर सर बाकावर पाय पसरून बसले होते.

परागचा जीव मात्र टांगणीला लागला होता. समाजवादी देशातलं रोजचं जगणं, कुणाला काही न सांगता, नुसतं बघून टिपायचं... दहा मिनिटांचा माहितीपट. संध्याकाळी परतीचं विमान. सगळं मिळालं होतं, फक्त रांग नव्हती. पुण्याहून निघतानाच पठ्ठ्याने ती मनात उभी करून ठेवली होती. आणि इथे बघावं तर कुणी पायरीवर गप्पा छाटतंय, कुणी सावलीत डॉमिनो खेळतंय!

"यांना जरा ओळीत उभं करू का, सर? दोनच मिनिटं."

सरांनी त्याच्याकडे पाहिलं.

परागने मान खाली घातली. आपल्या फिल्मना दोन बक्षिसं मिळालीत हे सर विसरले की काय, असंही त्याला वाटून गेलं.

"आल्या आल्या मी काय ओरडलो, ऐकलंस?"

"काहीतरी स्पॅनिश..."

"'शेवटचं कोण?' म्हणून विचारलं. त्या टोपीवाल्या आजोबांनी हात वर केला. त्यांच्यामागे मी, माझ्यामागे तू. झालं, लागला नंबर. आता कुठेही बसा."

परागने चौकाकडे पुन्हा पाहिलं.

"म्हणजे ही... रांग आहे?"

"सकाळपासून."

"पण मला पाव नकोय, सर. मी फिल्म करायला आलोय."

सर नुसते हसले. या पोरावर त्यांचा भारी जीव होता.

इतक्यात दुकानाचं दार उघडलं. ताज्या पावाचा वास सुटला. डॉमिनो तसाच टाकून एक जण उठला, मग पायरीवरची बाई, मग आजोबा. कुणी कुणाला विचारलं नाही, ढकललं नाही. परागने कॅमेरा डोळ्याला लावला आणि श्वास रोखून धरला. हाच तो शॉट!

नेमकी तेव्हाच एक म्हातारी पिशवी घेऊन आली आणि चौकात मधोमध थांबून तिने खणखणीत आवाजात सरांचाच प्रश्न विचारला, 'शेवटचं कोण?'

सगळा चौक परागकडे बघू लागला.

"हात वर कर," सर म्हणाले.

"सर, हात सोडला तर शॉट हलेल!"

"हलू दे. म्हातारी उन्हात उभी आहे."