पाण्यात दिसणारा मोर

फार पूर्वी रानात मतं मागायला कासवदादा बिळाबिळांतून फिरायचे. मोराने मात्र सोपी वाट शोधली. तळ्यावरच्या उंच खडकावर तो रोज पिसारा फुलवून बोले आणि पाणी प्यायला वाकलेल्या प्रत्येकाला तो पाण्यात अगदी समोर दिसे.

"घरचाच वाटतो हो," साळिंदरबाई सगळ्यांना सांगायची. मोर निवडून आला.

एकदा दरड कोसळून साळिंदरबाईची पिल्लं बिळात अडकली. मोर आपलाच, या खात्रीने ती त्याच्याकडे धावली.

"तू कोण?" मोराने विचारलं.

"अहो, आपण रोज भेटतो की तळ्यावर."

"तू मला बघतेस. मी तुला कधी पाहिलंय?"

ती धापा टाकत परतली, तर कासवदादा माती उकरत होते. एवढ्या बिळांत तिचं कुठलं, हे त्यांना कुणी सांगावं लागलं नव्हतं.