उलटा हात

“मारून टाकली ही इंजिनं. धडधाकट होती, तरी मारली. कुणाला विचारलं होतं?”

निरंजनचा आवाज रेल्वेच्या ओस यार्डात फिरून परत आला.

हिवाळ्याची दुपार कलली होती. गवतात कोळशाची सात इंजिनं उभी होती. सगळी एकाच जातीची, मालगाडी ओढणारी, वीस वर्षं थंड पडलेली. त्यातलं एक गावच्या चौकात ठेवणार होते. बाकीची उद्या कापायची. कुठलं ठेवायचं ते निरंजननं लिहून द्यायचं होतं, कारण या जातीचा इतिहास त्यानंच लिहिला होता. चिठ्ठी न्यायला पहारेकरी भिका रुळावर बसून होता.

“पहिलंच लिहिलंय, चाचा. सर्वांत जुनं. पुस्तकात त्याच्यावर अख्खं प्रकरण आहे.”

शेजारी बसलेल्या हैदरचाचांनी तीस वर्षं हीच इंजिनं चालवली होती.

“आणि पाचव्यावर?”

“एक ओळ. ‘विशेष नोंद नाही.’”

चाचा उठले. पहिल्या इंजिनापाशी वाकून त्यांनी चाकाच्या दांड्याच्या सांध्याला हात लावला.

“काय बघताय?”

“गाडी थांबली की बघायचं असतं. सांधा तापलाय का.”

“वीस वर्षं थांबलीय ती.”

“म्हणजे वीस वर्षं कुणी बघितलं नाही.”

निरंजन जवळ आला. मग त्यानं तळवा पुढं केला. चाचांनी तो बाजूला सारला.

“उलटा हात.”

“का?”

“तापलेला असला तर भाजतो. तळव्यानं पुढं गाडी न्यायची असते, बाळा.”

निरंजननं मनगट वळवलं.

पहिलं... गार.

दुसरं. तिसरं. ऊन गवतात विरत चाललं होतं. कुठूनसा गरम तेलाचा वास आला, आणि गेला. चौथं... गार.

पाचव्यापाशी त्यानं हात झटकन मागं घेतला. पुन्हा ठेवला. बराच वेळ ठेवला.

“उन्हानं असेल,” तो हळूच म्हणाला.

चाचांनी खिशातून फडकं काढलं. त्याला हात पुसत राहिले. हाताला काहीच लागलं नव्हतं.

निरंजननं चिठ्ठीवरचा नंबर खोडला, पाचव्याचा लिहिला आणि ती भिकाला दिली.

भिकानं ती वाचली. पाचव्या इंजिनाकडं पाहिलं, त्याच्यावर वाकलेल्या कडुलिंबाकडं पाहिलं.

“साहेब, तिथं दिवसभर ऊन पोचत नाही.”