गुरुवारची रिकामी पाठशाळा

एका गावात एक पाठशाळा होती. तिथे मुलं शिकत नसत; मुलांना शिकवणारे गुरुजी तिथे शिकत. राजाची सनद असलेल्या पाठशाळेतून जो शिकून निघे, त्यालाच राज्यातल्या शाळांत शिकवता येई. नियम चांगला होता. नियम बहुधा चांगलेच असतात. ते राबवणाऱ्यांचं काय करायचं, ते देव जाणे.

पाठशाळेचे प्रमुख होते भानुदासगुरुजी. त्यांचा एक शिरस्ता होता. दर गुरुवारी पाठशाळेला कुलूप लागायचं आणि झाडून सगळे, गुरुजींसकट, आसपासच्या गावांत जायचे. तिथे पाठशाळेचे चाळीस विद्यार्थी खऱ्याखुऱ्या मुलांपुढे उभे राहून पाठ घ्यायचे. "काठावर बसून पोहायला येत नाही," असं गुरुजी म्हणत.

त्या चाळिसांत हिवरगावचा म्हादबा होता, एका मेंढपाळाचा मुलगा. हिवरगावच्या शाळेला तीन वर्षं शिक्षक नव्हता. शेवटी गावाने घरटी पायलीभर धान्य काढून म्हादबालाच शिकायला धाडलं. तो येणार म्हणून शाळेची खोली आधीच सारवून ठेवली. त्याच्या परीक्षेला आता दोनच महिने उरले होते.

अशात राजाचा तपासनीस पाठशाळा बघायला आला. नेमका गुरुवारी! अंगण झाडणाऱ्या कोंडाबाईने त्याला सांगितलं, "सायेब, समदी गावागावांत शिकवाया गेल्यात. सांजच्याला येत्याल. बसा की वाईच."

तपासनीसाने हातातला कागद पाहिला. त्यात विद्यार्थी किती आणि शिक्षक किती, एवढेच रकाने होते. ते कुठे गेले आहेत, असा रकाना नव्हता. त्याने दोन्हीकडे शून्य लिहिलं आणि ऊन चढायच्या आत घोडा परत फिरवला.

सनदा देण्याचं आणि काढून घेण्याचं काम दौलतराव मोहोरदाराकडे होतं. त्याने ती शून्यं पाहिली आणि पाठशाळेची सनद रद्द करून टाकली. कुणाला काही विचारलं नाही. गुरुजींना कळलं ते दारावर डकवलेल्या हुकुमावरून. ते तसेच कचेरीत गेले.

"हुकूम काढण्याआधी आम्हाला एकदा विचारायचं होतं."

"विचारायचं काय त्यात? अहवाल स्पष्ट आहे."

"मग तो अहवाल तरी दाखवा."

"अहवाल दाखवायची पद्धत नाही."

"आरोप काय तेच माहीत नाही, तर मी उत्तर कशाचं देऊ?"

"उत्तर मागितलंय कुणी?" असं म्हणून दौलतरावाने पान लावायला घेतलं.

अशा माणसापुढे डोकं आपटून घ्यावं, दुसरं काय! पण गुरुजी शांत स्वभावाचे. त्यांनी राजाकडे अर्ज केला. अर्ज या दप्तरातून त्या दप्तरात फिरत राहिला. चार महिने गेले. पाठशाळेच्या अंगणात गवत वाढलं आणि विद्यार्थी आपापल्या घरी गेले.

अखेर अर्ज राजापुढे आला. राजाने सगळ्यांना बोलावलं, अहवाल मोठ्याने वाचायला लावला आणि कोंडाबाईला विचारलं. ती म्हणाली, "म्या तवाच सांगितलं हुतं, म्हाराज. त्येंनी लिवलंच न्हाई."

राजा दौलतरावाकडे वळला. "अंगण झाडणाऱ्या बाईला जे ठाऊक होतं, ते तुम्हाला एका प्रश्नात कळलं असतं. का विचारलं नाहीत?"

"महाराज, प्रत्येकाला विचारत बसलो तर कामं कधी उरकायची?"

"तुमच्या या उरकण्यालाच चार महिने लागले," राजा म्हणाला. मग त्याने गुरुजींना विचारलं, "पाठशाळेत खरोखर काही उणं आहे का?"

"आहे, महाराज," गुरुजी म्हणाले. "ग्रंथांच्या खोलीचं छप्पर गळतं."

तपासनीसाच्या अहवालात हे नव्हतंच. कसं असणार? त्याने कुलूप उघडायची वाटच पाहिली नव्हती! खरा दोष राहिला बाजूला आणि नसलेल्या दोषासाठी पाठशाळा बंद. राजाने छप्पर दुरुस्त करायला महिन्याची मुदत दिली आणि सनद परत केली.

"चला, झाली ना चूक दुरुस्त?" दौलतराव हात झटकत म्हणाला.

महिन्याभरात छप्पर शाकारलं गेलं. विद्यार्थीही परतले, पण एकोणचाळीसच. म्हादबा आला नाही, म्हणून गुरुजी स्वतः हिवरगावाला गेले. तिथे म्हादबाच्या बापाने मान खाली घालून सांगितलं, "राजाच्या मोहरंनं घालवलं म्हंजी पोराचंच कायतरी चुकलं आसंल, आसं गाव म्हनू लागलं. मलाबी तसंच वाटलं, गुरुजी. म्या त्येला इचारलंच न्हाई. येका सकाळी त्यो बैलांच्या तांड्यासंगं निघून गेला. कुठं गेला, कुनाला ठावं न्हाई."

गुरुजींनी सनदेचा कागद त्याच्यापुढे धरला. म्हाताऱ्याला वाचता येत नव्हतं. गुरुजींनीच तो वाचून दाखवला, आणि परत जाताना त्यांना शाळेची ती सारवलेली खोली दिसली. गावाने तिच्यात कडबा भरून ठेवला होता.

तात्पर्य: ज्याच्या हाती शिक्षेचा अधिकार आहे, त्याने आधी आरोप दाखवावा, मग उत्तर ऐकावं आणि त्यानंतरच हुकूम काढावा. मागाहून ऐकलं तर कागद तेवढा दुरुस्त होतो, गेलेला माणूस परत येत नाही.