दोर धरणारी मेहुणी

पूर्वी शृंगनगरात सुबाहू राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्वाने तिथल्या कड्याखाली, मध काढणाऱ्यांच्या वाडीत, मुलीचा जन्म घेतला होता. नाव भद्रा. आईबाप लवकर गेले. मोठी बहीण चित्रा घर बघे. भद्रा नदीचे पाणी आणि रानातले ओंडके वाहून आणी. पंधराव्या वर्षी तिचे खांदे वाडीतल्या कोणत्याही तरुणापेक्षा रुंद झाले.

"रेडा आला, रस्ता सोडा!" तिष्य नावाचा तरुण ओरडे आणि मान खाली घालून तिच्यासारखा चालून दाखवी. सारी वाडी हसे. थोरली माणसेही हसत आणि वर म्हणत, "पोरांची गंमत गं, मनावर काय घेतेस?" भद्रा खांदे आवळून, वाकून चालायला शिकली.

आणि चित्राने लग्न ठरवले ते नेमके तिष्याशी.

"एवढ्या रानात तुला हाच सापडला?" भद्राने विचारले.

"हसरा आहे गं."

"माझ्यावर हसतो, ताई."

तरी लग्न झाले.

त्या लोकांत एक रीत होती. मधासाठी कड्यावरून उतरणाऱ्याचा दोर त्याच्या सख्ख्या भावानेसुद्धा धरायचा नाही. बायकोच्या भावाने धरायचा. भावकीत वाटणीचा लोभ असू शकतो, पण आपली बहीण विधवा व्हावी असे कोणत्याच भावाला वाटत नाही. चित्राला भाऊ नव्हता. वैशाखात आग्यामोहळे भरली तेव्हा वाडीच्या नायकाने, म्हणजे तिष्याच्या चुलत्याने, ठरवले की दोर आपला मुलगा हस्तक धरेल.

भद्रा पुढे झाली. "काका, हस्तक तर नवऱ्याकडचा. रीत बायकोच्या माणसाची आहे. दोर मी धरते."

"रीत भावाची आहे, पोरी."

"बहिणीची काळजी काय भावाच्या मिशांत असते?"

"मोठ्यांपुढे तोंड चालवू नकोस!" रीत कशासाठी होती ते नायक विसरला होता, पुरुष हवा, एवढेच त्याच्या लक्षात होते.

"रेड्याच्या हाती माझा जीव नको रे बाबा," तिष्य हसून म्हणाला. पण आपण तिच्याशी कसे वागलो ते आठवून तो मनातून भ्याला होता.

कड्याच्या माथ्यावर दोराचा झाडाच्या बुंध्याला वेढा दिला. हस्तकाने टोक धरले. नायक आणि भद्रा बाजूला उभे होते. तिष्य धुरी घेऊन खाली उतरला. वारा फिरला, धूर उलटला आणि माशा खवळून वर आल्या. दोनचार डंख बसताच हस्तक दोर टाकून पळाला. नायक त्याच्याही आधी पळाला होता.

दोर बुंध्यावरून सरसर सुटू लागला.

भद्राला काहीच करावे लागणार नव्हते. फक्त थोडा उशीर. तिला कोणी दोष दिला नसता. वर्षानुवर्षांचे ते हसणे तिच्या कानांत होते. पण खालून आलेली किंकाळी नुसती भ्यालेल्या माणसाची होती, आणि त्याच टोकाला ताईसुद्धा लटकली होती.

तिने झेप घेतली, दोर कमरेला गुंडाळला, पाय रोवले आणि आवळून ठेवलेले खांदे पुरते उघडले. माशा तोंडावर, मानेवर बसल्या. तिने हात हलवले नाहीत.

"वर कोण आहे?" तिष्य ओरडला.

"रेडा आहे, दाजी! पाय खडकाला लावा आणि गप चढा."

तो वर आला तेव्हा तिचे डोळे सुजून मिटले होते, तरी दोर हातातच होता. त्याने तिची बोटे हलकेच सोडवली आणि तिला पाठुंगळी घेऊन तो वाडीकडे निघाला.

"जड आहे ना मी?"

"आहेस. बोलू नकोस, ओठ सुजलेत."

पुढच्या मोसमात नायकाने पुन्हा हस्तकाचेच नाव घेतले. तिष्याने सर्वांसमोर दोराचे टोक भद्राच्या हाती दिले. "माझा मेहुणा म्हणा, मेहुणी म्हणा, हीच. ज्याला हसायचे असेल त्याने आधी कड्यावरून उतरून दाखवावे." कोणी हसले नाही. भद्रा पुन्हा कधी वाकून चालली नाही.

एवढे सांगून शास्त्यांनी, म्हणजे बुद्धांनी, तेव्हाची माणसे आजच्या माणसांशी जोडून दाखवली. "भिक्खूंनो, पळालेला नायक म्हणजे आजचा देवदत्त. चित्रा म्हणजे भिक्खुणी उप्पलवण्णा. थट्टा करणारा तिष्य कोण, म्हणून इकडे तिकडे पाहू नका. तो हा माझ्याजवळ बसलेला आनंद. आणि भद्रा मीच होतो. ज्याने दुखावले त्याचाही दोर हाती आल्यावर न सोडणे, ही मैत्री-पारमिता, म्हणजे मैत्रीची पूर्णता, मी त्या कड्यावर शिकलो."