चिकट भाताची सरहद्द

लाओस आणि व्हिएतनामच्या मधल्या डोंगरांत सरहद्द कुठे, हे म्हणे एके काळी घर आणि ताट बघून ठरायचं. उंच खांबांवरच्या घरात राहून चिकट भात खाणारे लाओसच्या राजाचे. जमिनीवरच्या घरात राहून मोकळा भात खाणारे व्हिएतनामच्या राजाचे.

एकदा व्हिएतनामचा सुभेदार दोआन खांबांवरच्या घरांच्या एका गावात आला. खामफेंग नावाच्या म्हातारीच्या घरात शिडीने चढून बसला, पोटभर जेवला आणि ढेकर देत म्हणाला, "ती खालची झोपडी जमिनीवर आहे. म्हणजे हे गाव आमचं! उद्या सगळे तरणे गडी आमच्या राजाचा रस्ता बांधायला पाठवा."

गाव हबकलं. खामफेंग मात्र हसली.

"सुभेदारसाहेब, त्या झोपडीत आमच्या कोंबड्या राहतात. त्यांना खुशाल न्या दगड फोडायला. पण तुम्ही तर खांबांवरच्या घरात बसून चिकट भाताची अख्खी टोपली फस्त केलीत. म्हणजे तुम्ही आमच्या राजाची प्रजा झालात! आमचाही रस्ता अर्धवट पडलाय. कुदळ देऊ?"

सुभेदार शिडीवरून धडपडत उतरला आणि हात अंगरख्याला पुसत सुटला. पण बोटांचा भात काही केल्या निघेना.