परक्याची ओंजळ

हुरवण्याच्या खाडीवर, धक्क्याच्या पायऱ्या संपतात तिथे, चेरीचे, थंड मुलखातल्या नव्हे तर आपल्याकडच्या आंबट चेरीचे, एक जुनाट झाड आहे. झाड कसले, पसरलेले झुडूपच. गावात परसदारी अशी झाडे घरोघर आहेत, सगळी याच्याच फांद्यांची. घरच्या झाडांना कुंपण असते, याला नाही. पाहुणे विचारतात, गुरे खात नाहीत का? गुरे खातात, पोरेही खातात. धक्क्यावरचे म्हातारे बाबलकाका म्हणतात, की कुंपण घालायची टाप कुणाची नाही, आणि मग पायरीवर बसून ते आवडूची गोष्ट सांगतात.

असे सांगतात, की फार पूर्वी इथे धाकू नावाचा तांडेल होता. गलबत घेऊन दूरदूरच्या बंदरांना जायचा. एका खेपेहून त्याने हे रोप करवंटीत जपून आणले, बायकोच्या, आवडूच्या, हाती दिले आणि पुढच्या खेपेला निघून गेला. तो काही लवकर परतला नाही. आवडूने गावदेवी सातेरीला नवस केला, की धाकू येऊन या झाडाचे पहिले फळ खाईल, तोवर ते कुणाच्या जिभेला लागणार नाही.

तांदळाच्या धुवणावर आणि मासळीच्या पाण्यावर झाड फोफावले. गुलाबी फुले आली, लालबुंद फळे धरली. पण हे फळ मोठे नाजूक, आज तोडले तर उद्या आंबते. दर बहराला ते झाडाखाली कुजायचे आणि आवडू बुलबुल हाकत बसायची. बायका म्हणत, आवडूने पाखरांशी वैर धरले, नवऱ्याचा पत्ता नाही आणि फळाचा पहारा चाललाय. आवडू पहारा सोडायची नाही. तिला वाटे, फळ राखले म्हणजे धाकू राखला.

मग एका बहरात परक्या मुलखाचे एक गलबत खाडीच्या तोंडाशी रेतीला लागले. खलाशांच्या हिरड्यांतून रक्त वाहत होते, दात हलत होते, भरलेल्या जुन्या जखमा पुन्हा उघडल्या होत्या. गावाला वाटले साथ आली. गावच्या मुख्याने, गावकाराने, त्यांना रेतीवरच शिडाच्या आडोशाला राहायला लावले. भाकरी लांबून ठेवायची, जवळ जायचे नाही. पण त्या तोंडांनी भाकरी चावणार कशी? आवडू दारातून ते बघायची. धाकूही असाच कुठेतरी परक्या किनाऱ्यावर पडला असेल, हे मनात आले आणि तिला दारात बसवेना.

दिवे लागायच्या वेळी ती देवळात गेली आणि म्हणाली, "नवस मी मोडतंय गे आई, तेनी नाय. राग काढूचो तर माझ्यार काढ."

तिने फळे उतरवली. पाहुण्यापुढे आंबट फळ नुसतेच, न शिजवता कसे ठेवायचे? म्हणून गूळ घालून, मंद आचेवर आटवून आटवून मुरंबा केला. खलाशांनी बोटे चाटली, पण दुखण्याला उतार पडला नाही. आवडूला वाटले, नवसही मोडला आणि माणसेही उठली नाहीत, म्हणजे देवी कोपलीच. तरी मोडलेला नवस काही सांधता येत नव्हता, आणि झाडावर फळ पिकतच होते.

पुढे एकदा फळे तोडता तोडता ओहोटी लागली. रेतीवर जायची वाट तेवढ्यापुरतीच उघडी राहते, चूल पेटवायला सवड नव्हती. तिने फळे न शिजवता तशीच ओटीत घेतली आणि चालत गेली. त्यांनी तोंडे वेडीवाकडी केली, पण खाल्ली. मग रोज ओहोटीला ती तशीच ताजी फळे नेऊ लागली. त्या दुखण्याला आचेवर न चढलेले फळच लागू पडले; हळूहळू रक्त थांबले, जखमा मिटल्या. माणसे उठली, त्यांनी गलबत रेतीतून ढकलले आणि वाऱ्याला लागली. लोक म्हणाले देवी पावली. आवडूला मात्र घोर होताच, की आपल्या नवऱ्याचे आपण दुसऱ्यांना वाटून टाकले.

आणि म्हणे, गलबतांच्या पुढच्या हंगामात धाकू आला. वाळलेला, पिकलेला, पण स्वतःच्या पायांनी. झाडावर तेव्हा एकही फळ नव्हते. आवडूने त्याच्यापुढे नुसते पाणी ठेवले आणि रडत रडत सगळे सांगितले. त्याने तांब्या रिकामा केला.

"त्येंका दिलंस ता बरां केलंस," तो म्हणाला. "माका काय, मी घरचोच."

आजही हुरवण्यात चेरी उतरली, की पातेले चुलीवर चढण्याआधी पहिली ओंजळ परक्याला देतात, तीही न शिजवता, ताजी. परके कुणी नसले तर बायका धक्क्यावर येऊन वाट पाहतात. मुरंबा त्यानंतर. आणि घरधनी, धाकूसारखा, सगळ्यांच्या शेवटी खातो, वाट्याला काही उरले तर. नाही उरले, तर त्या घरी त्या दिवशी मोठा आनंद असतो.